सहाव्या रिळातलं फाटक

आई गेली तेव्हा तिला अर्धांगवायूचा झटका येऊन अकरा वर्षं चार महिने झाले होते. तेवढा सगळा काळ ती आमच्या घरातल्या पुढच्या खोलीत, खिडकीलगतच्या खाटेवर होती. दर दोन तासांनी तिला कुशीवर वळवायचं, ते काम मी आणि बायको वाटून घेत होतो. ती गेली त्या दिवशी मला फारसं काही वाटलं नाही. नंतरही नाही. तेराव्यापर्यंतची कामं मी कागदावर लिहून काढली होती आणि एकेक करून पार पाडली. लोक म्हणाले, रडून घे, बरं वाटेल. मला वाईट वाटत नव्हतं, त्यामुळे बरं वाटण्याचाही प्रश्न नव्हता.

एक गोष्ट मात्र चौथ्या-पाचव्या दिवशी लक्षात आली. आई चालताना मला डोळ्यांपुढं आणता येत नव्हती. ती मराठी शाळेत शिक्षिका होती. घर ते शाळा एक किलोमीटर चारशे मीटर. सत्तावीस वर्षं ती रोज पायी गेली आणि पायी आली. शाळा सुटल्यावर तिचा हात धरून मीही ते अंतर चाललो असणार. ही सगळी माहिती मला होती, पण चित्र येत नव्हतं. डोळे मिटले की खाट, उशी आणि डावीकडे वळलेली मान. मोबाइलमध्ये तिचे एकसष्ट व्हिडिओ निघाले, सगळे खाटेवरचे. त्याआधीचे फोटो होते, पण फोटोत माणूस उभं असतं नाहीतर बसलेलं.

मला तिला एकदा चालताना पाहायचं होतं. त्या महिन्यात मला हवी असलेली ही एकच गोष्ट होती.

तेराव्याला इंदूरजवळच्या महूची मावशी आली होती. आईची धाकटी बहीण, आता पासष्टी ओलांडलेली. जेवणं उरकल्यावर पुढच्या खोलीत, रिकाम्या झालेल्या खाटेच्या पट्टीवर बसून ती म्हणाली, "ताई पिक्चरमध्ये होती, माहीत आहे ना तुला?"

"कोणती ताई?"

"कोणती काय, तुझी आई! होती म्हणजे, होती आणि नव्हती."

मग तिनं सांगितलं ते असं. आईच्या लग्नाआधी वर्ष-दीड वर्ष महूला एका हिंदी सिनेमाचं शूटिंग झालं होतं. हीरो रेल्वे फाटकापाशी थांबतो, गाडी जाते, फाटक उघडतं आणि पलीकडून कॉलेजच्या मुली चालत येतात, एवढाच प्रसंग. त्यासाठी गावातल्याच मुली घेतल्या होत्या. सकाळपासून दुपारपर्यंत सात वेळा त्यांना फाटकातून चालवलं. मावशी तेव्हा अकरा वर्षांची, कडेला दगडावर बसून पाहत होती.

"मग तो पिक्चर महूला लागला. सगळं गाव लोटलं रे. मुली नव्या साड्या नेसून पहिल्या खेळाला. फाटक आलं, बंद फाटक, हीरो उभा... आणि एकदम हीरो पलीकडे! पोरी गायब. एक नाही दिसली. एकीची आजी तर उठून पडद्याजवळ गेली शोधायला."

"मग?"

"मग काय. डायरेक्टरनं कापलं, म्हणे. महूच्या पोरी पसंत नाही पडल्या त्याला. किती दिवस चिडवलं लोकांनी."

बाबा तिथंच खुर्चीवर होते. ब्याऐंशी वर्षांचे आहेत. इंदूरच्या एका टॉकीजमध्ये ते चौतीस वर्षं ऑपरेटर होते, म्हणजे प्रोजेक्टर चालवायचे. त्या टॉकीजच्या जागी आता दुकानं आहेत. मावशीचं बोलणं त्यांनी ऐकलं आणि पाणी मागितलं.

सिनेमाचं नाव मी लिहीत नाही. लिहिलं की वाचणारा त्यातली गाणी गुणगुणायला लागेल आणि पुढचं राहून जाईल. त्या काळी तो खूप चालला होता, आणि अजूनही त्याचं एखादं गाणं रिक्षात ऐकू येतं, एवढं पुरे. गाणी सगळीकडे मिळतात. अख्खा सिनेमा मात्र बाजारात कुठेच नव्हता. तो सापडला एका ऑनलाइन डिजिटल ग्रंथालयात.

हे ग्रंथालय मला तेव्हापर्यंत माहीत नव्हतं. जुनी पुस्तकं, तबकड्या, सिनेमे असं सगळं तिथं ठेवलेलं आहे आणि कुणीही पाहू शकतो. प्रत्येक सिनेमाला एक पान असतं. त्या पानावर प्रत कुठून मिळाली, किती रिळं, कोणत्या रिळाला किती ओरखडे, स्कॅन कुणी केलं, फाइलच्या नकला किती ठिकाणी ठेवल्या आहेत, मागच्या तपासणीत त्या नकला जुळल्या की नाही, हे सगळं लिहिलेलं असतं. मी सरकारच्या नाप-तौल खात्यात निरीक्षक आहे. दुकानांचे काटे, पेट्रोल पंपांची मापं तपासतो आणि शिक्का मारतो. ते पान मी दोनदा वाचलं. इतकं नीट लिहिलेलं पान आमच्या खात्यात मी फार कमी वेळा पाहिलं आहे.

खाली लोकांचे अभिप्राय होते. आजोबांबरोबर पाहिला होता, वडिलांना दवाखान्यात मोबाइलवर दाखवला, वगैरे. मी ते वाचत बसलो नाही.

एका रविवारी सकाळी अकरा वाजता मी सिनेमा लावला. अठ्ठावन्नाव्या मिनिटाला फाटक आलं. फाटक बंद, हीरो सायकल धरून उभा, गाडी गेली, आणि पुढच्या क्षणाला हीरो सायकलवर बसून फाटकाच्या पलीकडे. मावशी म्हणाली होती तसंच. मुली नाहीत.

मी मागे नेऊन वेग कमी करून पाहिलं. उडी ज्या जागी होती तिथं चित्राच्या खालच्या कडेला पांढरी बारीक रेघ होती. ऑपरेटरचा मुलगा असल्यामुळे ती रेघ मला कळते. दिग्दर्शकानं कापलेलं मूळ निगेटिव्हमध्येच कापलेलं असतं, ते पडद्यावर दिसत नाही. ही रेघ म्हणजे तयार प्रिंट कात्रीनं कापून पुन्हा चिकटवल्याची खूण.

मग मी सिनेमाच्या सुरुवातीला गेलो. आपल्याकडे प्रत्येक सिनेमाच्या आधी सेन्सॉरचं प्रमाणपत्र दिसतं. लोक तेवढ्या वेळात खुर्ची शोधतात, पण त्यावर सिनेमाची लांबी लिहिलेली असते. इथं लिहिलं होतं चौदा रिळं, चार हजार तेवीस मीटर. प्रोजेक्टरमधून मिनिटाला नव्वद फूट फिल्म जाते, म्हणजे सत्तावीस मीटर आणि त्रेचाळीस सेंटिमीटर. भागाकार केला तर दोन तास सव्वीस मिनिटं एकोणचाळीस सेकंद. ग्रंथालयातली फाइल होती दोन तास एकोणीस मिनिटं पाच सेकंदांची, त्यातही आठ सेकंद त्यांच्या स्वतःच्या चिन्हाचे. फरक सात मिनिटं बेचाळीस सेकंद.

मी अभिप्रायाच्या जागी एवढा हिशेब लिहिला आणि विचारलं की अठ्ठावन्नाव्या मिनिटाला जोड आहे, दुसऱ्या एखाद्या प्रतीत हा भाग आहे का.

तिसऱ्या दिवशी उत्तर आलं. ग्रंथालयासाठी काम करणाऱ्या एका बाईंनी लिहिलं होतं. निगेटिव्ह मिळत नाही. बाकीच्या प्रिंट चांदी काढण्यासाठी केव्हाच वितळवल्या गेल्या. कृष्णधवल फिल्ममध्ये चांदी असते. ही एकच प्रत उरली आहे, इंदूरच्या एका वितरकाचं गोडाऊन रिकामं केलं तेव्हा मिळालेली. रिळांच्या डब्यात एक चिठ्ठी होती, तिच्यावर प्रिंट कुठे कुठे चालली ते लिहिलं आहे. चिठ्ठीचा फोटो त्यांनी जोडला होता. सगळ्यात वर इंदूर, सहा आठवडे. त्याखाली महू, देवास, आणि शेवटी गौतमपुऱ्याच्या जत्रेतली तंबूची टॉकीज.

इंदूरपुढे बाबांच्या टॉकीजचं नाव होतं.

बाबा दुपारी चार वाजता चहा घेतात. मी त्यांच्यासमोर बसलो.

"बाबा, त्या पिक्चरच्या सहाव्या रिळात फाटकापाशी जोड आहे."

"असेल."

"प्रिंट तुमच्या टॉकीजमधली आहे."

बाबांनी बशी खाली ठेवली. "सिमेंटचा जोड आहे की टेपचा?"

"खाली पांढरी रेघ दिसते."

"मग सिमेंटचा. टेप नंतर आली." फिल्म चिकटवायच्या द्रावणाला ऑपरेटर सिमेंट म्हणतात. मग म्हणाले, "माझाच असणार."

"किती कापलं होतं?"

"एकवीस फूट."

पन्नास-पंचावन्न वर्षांपूर्वीचा आकडा त्यांनी न अडखळता सांगितला. एकवीस फूट म्हणजे तीनशे छत्तीस फ्रेम्स. सेकंदाला चोवीसच्या हिशेबानं चौदा सेकंद.

बाबांनी मग सगळं सांगितलं, पण आपण काही कबूल करतो आहोत असा त्यांचा सूर नव्हता. कामाची पद्धत समजावून सांगावी तसा होता. त्या काळी खेळ वेळेत बसवायला मालक सांगे, इतकी मिनिटं कमी करा. मग ऑपरेटर एखाद्या गाण्याचं कडवं, एखादा विनोदी प्रवेश कात्रीनं काढून ठेवी. काढलेला तुकडा फेकायचा नसे. त्याच्यावर चिठ्ठी लावून खुंटीला टांगायचा, आणि मुक्काम संपला की प्रिंट परत पाठवण्याआधी जिथला तिथं जोडून द्यायचा. बरेच ऑपरेटर कंटाळा करत. बाबा करत नसत. त्यांच्या हातून गेलेली प्रिंट पुरी जात असे.

"आणि हा तुकडा?"

"लग्न ठरलं होतं. मी तुझ्या आईला एकदाच पाहिलं होतं, बघायला गेलो तेव्हा. ती पोहे घेऊन आली, खाली मान घालून बसली. मी पण मान वर केली नाही. मोठी माणसं बसली होती ना समोर. मग पिक्चर लागला तेव्हा तुझा मामा सांगून गेला, ताई आहे म्हणून, फाटकाच्या सीनमध्ये."

"मग?"

"मग काय. सहावं रीळ लागलं की मी केबिनच्या खिडकीशी. रोज तीन खेळ, सहा आठवडे. एक सुट्टी घेतली नाही. मालक म्हणाला, भिया, तबियत तो ठीक है?"

शेवटच्या खेळानंतर त्यांनी बाकीचे सगळे तुकडे परत जोडले. हा एकच भाग उलट कापून काढला.

मी विचारलं, "पुढे हे महूला जाणार, हे माहीत नव्हतं?"

"चिठ्ठीवर होतं की."

"त्या सगळ्या मुली पाहायला जाणार..."

"ते नंतर सुचलं." बाबा खिडकीकडे पाहत राहिले. "मला वाटलं, बाकी प्रिंटा आहेत. मुंबईला निगेटिव्ह आहे. माझ्या एकवीस फुटांनी काय होतंय?"

मला राग आला नाही. मी सात मिनिटं बेचाळीस सेकंदांचा विचार करत होतो. त्यातले चौदा सेकंद बाबांचे. बाकीचे देवासच्या, गौतमपुऱ्याच्या, आणखी कुणाकुणाच्या ऑपरेटरचे. फिल्म तुटली की जोडताना एक-दोन फ्रेम्स जातात, बाकी कुणाला नाच आवडला म्हणून, कुणाला हीरोइनचा चेहरा आवडला म्हणून. प्रत्येकाला दुसरीकडे पुरी प्रत आहे अशी खात्री असणार.

"तुकडा आहे?"

"तुझ्या आईच्या कपाटात. खालच्या खणात, रेशमी साड्यांच्या मागे."

आईला माहीत होतं, हे मला तिथं कळलं. लग्न झाल्यावर पहिल्याच आठवड्यात त्यांनी तिला तो दाखवला होता. महूला घरी मात्र दोघांनी कधी सांगितलं नाही. "ती म्हणायची," बाबा म्हणाले, "लग्नाआधी मला कापलं आणि लग्नानंतर डब्यात भरलं."

डबा पत्र्याचा होता, गोल, घट्ट झाकणाचा. झाकण चमच्याच्या दांड्यानं उचकटावं लागलं. उघडल्याबरोबर खोलीभर व्हिनेगरचा वास सुटला. बायको स्वयंपाकघरातून बाहेर आली. आत लिंबाएवढी गुंडाळी होती, पण तिचे पदर एकमेकांना चिकटून गेले होते. कडा लाटांसारख्या वाकड्या झालेल्या. बाबांनी हात पुढे केला आणि मागे घेतला. "गेली ही," म्हणाले.

घरच्या काट्यावर वजन चव्वेचाळीस ग्रॅम भरलं. तो काटा मी दरवर्षी तपासून घेतो.

मी ग्रंथालयाच्या बाईंना फोन केला. त्या हिंदीत बोलायच्या, भराभर आणि कामापुरतं. मी तुकडा कुणी कापला तेही सांगितलं. लपवण्यात अर्थ नव्हता, त्यांच्या पानावर प्रतीचा इतिहास लिहायची पद्धत आहे.

"आपके पिताजी ने?"

"हो. जी हाँ."

"खोलिए मत," त्या म्हणाल्या. "एक इंच भी मत खोलिए. जैसा है वैसा भेज दीजिए." घट्ट डब्यात ठेवल्यामुळेच ती जास्त बिघडली, हेही त्यांनी सांगितलं. फिल्ममधून सुटणारी आम्लाची वाफ बाहेर जायला हवी असते. उघड्यावर धूळ खात पडली असती तर बरी राहिली असती. हे मी बाबांना सांगितलं नाही.

पाठवायचं की नाही यात माझे सहा दिवस गेले. पाठवलं आणि वाटेत हरवलं तर काहीच उरणार नव्हतं. नाही पाठवलं तर बाईंच्या म्हणण्याप्रमाणे वर्ष-दोन वर्षांत भुगा. तिसरा मार्ग म्हणजे स्वतः घेऊन जाणं. पण बाबांना एकटं ठेवून जाता येत नव्हतं, आणि खरं सांगायचं तर प्रवासाला निघण्याची इच्छाही नव्हती. सातव्या दिवशी बाबांनीच विचारलं, "गेलं का पार्सल?"

"नाही अजून."

"पाठव. माझं एकदा परत जोडायचं राहिलं तर पन्नास वर्षं गेली."

कुरियरवाल्यानं खोकं नाकाशी नेलं. "भिया, अचार-वचार है क्या? लिक्विड नहीं जाता."

"फिल्म आहे. पुरानी."

"कौन सी?"

मी नाव सांगितलं. त्यानं खोक्यावर चिकटपट्टी मारता मारता त्यातल्या गाण्याची ओळ म्हटली, पुढची ओळ विसरला, आणि पावती दिली.

सात आठवडे काही कळलं नाही. मी नोकरीवर जात होतो, काटे तपासत होतो, घरी येत होतो. दर दोन तासांनी जाग येण्याची सवय गेली नव्हती. उठून बसायचो, मग आठवायचं की कुणाला वळवायचं नाही, आणि परत आडवा व्हायचो. पुढची खोली रिकामी झाली म्हणून बायकोनं खाट हलवायचं विचारलं. मी म्हटलं, हलव. फरशीवर खाटेच्या पायांचे चार डाग राहिले. ती जागा आम्ही वापरत नव्हतो, असंही नाही. तिथं कपडे वाळत घालायचा स्टँड ठेवला.

आठव्या आठवड्यात पत्र आलं. तीनशे छत्तीसपैकी एकशे तेहतीस फ्रेम्स सुटल्या होत्या. बाकीच्यांवरचा चित्राचा थर एकमेकांत मिसळून गेला होता. आवाजाची पट्टी कडेला असते, ती पूर्ण गेली. त्या एकशे तेहतीस फ्रेम्स त्यांनी सहाव्या रिळात जागेवर बसवल्या होत्या. जुनी प्रत त्यांनी काढली नाही. ग्रंथालयात काहीच काढत नाहीत. जुनी आणि नवी शेजारी शेजारी आहेत, आणि नवीच्या पानावर लिहिलं आहे: कालावधी दोन तास एकोणीस मिनिटं अकरा सेकंद. खरा फरक पाच पूर्णांक चौपन्न सेकंदांचा, त्यांनी सहा धरले.

पत्राच्या शेवटी त्यांनी विचारलं होतं की दृश्यातल्या व्यक्ती ओळखता येत असतील तर कळवावं, नोंदीत लिहू.

मी आधी पाहिलं नाही. मावशीला रविवारी बोलावलं. तिला डायरेक्टरची चूक नव्हती हे सांगणं बाकी होतं, ते बाबांनीच सांगावं असं ठरलं. मावशी आली, बसली, बाबांनी तीन वाक्यांत सांगितलं. मावशीनं डोक्याला हात लावला.

"भाऊजी! तुम्ही? अहो आम्ही त्या डायरेक्टरला जन्मभर शिव्या घातल्या! माझी आई तर त्याचा एकही पिक्चर पाहायला तयार नव्हती."

"चूक झाली."

"चूक कसली, चोरी आहे ही. पोरी पळवल्या तुम्ही, सगळ्याच्या सगळ्या. नवरी एक न्यायची तर सगळी वरात नेली."

बाबा हसले. आई गेल्यानंतर मी त्यांना हसताना पहिल्यांदा पाहिलं.

मी टीव्हीवर लावलं. फाटक बंद, हीरो, गाडी गेली. मग एकदम आवाज थांबला. फाटक वर जायला लागलं आणि पलीकडून मुली आल्या. चित्रावर सगळीकडे डाग, कडा भाजल्यासारख्या. पुढच्या रांगेत पाच मुली, मागे बाकीच्यांची डोकी. त्या चार-पाच पावलं आल्या आणि आवाज परत सुरू झाला. हीरो पलीकडे सायकलवर होता.

"आवाज गेला की पब्लिक शिट्ट्या मारायची," बाबा म्हणाले. आमच्याकडे कुणी शिट्टी मारली नाही.

"परत लाव," मावशी म्हणाली.

मी परत लावलं. मग संथ करून लावलं. मावशी उठून टीव्हीजवळ गेली आणि डावीकडून दुसऱ्या मुलीवर बोट ठेवलं. "ही बघ. ही ताई."

"ती नाही," बाबा खुर्चीवरून म्हणाले. "चौथी. दोन वेण्यांची. हसते आहे ती."

"भाऊजी, चष्मा लावा. हिच्या हातात छत्री आहे. छत्री माझी होती. सकाळी घेऊन गेली ती माझ्याकडून, मी रडले होते छत्रीसाठी."

"छत्र्या पुष्कळ होत्या महूला."

"आणि हसत होती म्हणता? ताई? शूटिंगवाल्यांनी सांगितलं होतं दात नका दाखवू, तर ताई दात दाखवेल?"

"मी रोज तीनदा पाहायचो," बाबा म्हणाले. आता ते हसत नव्हते. "सहा आठवडे."

"म्हणजे सहा आठवडे दुसऱ्याच पोरीला पाहत होतात."

मावशी हे गमतीत म्हणाली. म्हटल्यावर तिलाच कळलं, आणि ती येऊन सोफ्यावर बसली. टीव्हीवर मुली थांबवलेल्या होत्या, फाटक अर्धं वर.

मग बाबा म्हणाले, "लग्न झाल्यावर मी ती फिल्म उजेडासमोर धरून तिला दाखवली. बोट ठेवलं. म्हटलं, ही तू ना? ती म्हणाली, हो."

"ताई 'हो' म्हणणारच," मावशी हळू म्हणाली.

मी मनात हिशेब केला. दिवसाला तीन खेळ, बेचाळीस दिवस, एकशे सव्वीस वेळा चौदा सेकंद. एकोणतीस मिनिटं चोवीस सेकंद. लग्नाआधी बाबांनी तिला इतका वेळ पाहिलं, ती जर तीच असेल तर.

दोघंही माझ्याकडे पाहायला लागले. मी परत एकदा लावलं. दुसरी मुलगी अडतीस फ्रेम्स दिसते. तेवढ्यात ती तीन पावलं टाकते, भरभर, छत्री अंगाशी धरून. चौथी बावन्न फ्रेम्स. चार पावलं, जराशी उजवीकडे झुकत, शेजारणीच्या अंगावर रेलल्यासारखी. दोघी किडकिडीत. दोघींचे चेहरे डागांमुळे नीट दिसत नाहीत. मी चेहऱ्याकडे नाही, चालीकडे पाहत होतो. कुठेतरी काहीतरी हलेल म्हणून वाट पाहिली. अकरा वेळा पाहिलं.

"काय वाटतं तुला?" मावशीनं विचारलं.

"सांगता येत नाही," मी म्हटलं.

संध्याकाळी मावशीला महूच्या बसमध्ये बसवून आलो आणि ग्रंथालयाला द्यायची नोंद लिहायला घेतली. पहिल्यांदा लिहिलं, "डावीकडून दुसरी किंवा चौथी मुलगी कदाचित माझी आई." बाबांना वाचून दाखवलं.

"कदाचित काढ."

"काढता येणार नाही, बाबा."

"मग असं लिही, की हे माझं म्हणणं आहे. ज्यानं कापलं त्याचं."

मी तसं लिहिलं. तुकडा कापणाऱ्या ऑपरेटरच्या मते डावीकडून चौथी. चित्रीकरणाच्या वेळी हजर असलेल्या बहिणीच्या मते दुसरी. दोन्ही साक्षीदार विश्वासार्ह.

दोन दिवसांनी बाईंचं उत्तर आलं. नोंद तशीच ठेवली आहे, त्यांनी लिहिलं होतं, दोन्ही मतांसह. आणि विचारलं होतं, तुम्ही मुलगा आहात, तुमचंही मत असेल, ते का नाही लिहिलं? ते तिसरं म्हणून घालू का?

मी उलट टपाली कळवलं की आईला चालताना पाहिल्याचं मला आठवत नाही, त्यामुळे माझं मत धरू नये.